मढीचेनि मापें : एका नसलेल्या पंथासाठी खानदेशात पाच दिवस

आमची पाच जणांची टोळी दर दुसऱ्या शनिवारी नाशिकला माझ्या घरी जमते आणि फासे टाकून खेळायच्या गोष्टीच्या खेळात एका नसलेल्या देशात भटकते. देश मी रचलेला. तिथली नदी सहा महिने समुद्राकडे वाहते आणि सहा महिने उलटी. राजधानीत अक्षरमंदिर आहे. देवाने ग्रंथ अक्षर न अक्षर आपल्याला सांगितला, असं तिथले पुजारी मानतात. आणि डोंगरात एक बंडखोर पंथ आहे. तो म्हणतो, शेवटचा अध्याय देवाचा नाहीच, पुजाऱ्यांनी मागाहून घुसडला. ह्या पंथाला नाव नाही. बोलायची वेळ आलीच तर लोक ‘पल्याडचे’ म्हणतात आणि विषय बदलतात.

पल्याडच्यांचा मठ मी झोकात मांडला होता. काळे झगे, भुयारं, मंत्राने सरकणारी शिळा, सगळं. दिवाळीआधीच्या बैठकीत आमच्यातल्या एकीने फासे खाली ठेवले. ती हिशेबतपासनीस आहे. म्हणाली, “डोंगरात चारशे माणसं राहतात. त्यांना जेवायला कोण घालतं?”

“गुप्त दाते आहेत.”

“चारशे जणांचं धान्य रोज डोंगरावर चढवायचं म्हणजे गाढवांचा तांडा लागेल. गाढवं गप्प बसतात का?”

त्या दिवशीचा खेळ तिथेच मोडला. मग मला आठवलं की आत्या भडगावला असते, आतेभावाकडे मोटरसायकल आहे, आणि खानदेशात मठ, लेणी, समाध्या एकमेकांपासून तासा-दोन तासांवर आहेत. खऱ्या मठांना कोण जेवायला घालत होतं ते बघायला पाच दिवसांची सुट्टी टाकली.

पहिला दिवस : चाळीसगाव

नांदगाव मागे पडलं की खिडकीतलं रान बदलतं. कापूस फुटला होता. शेताशेतात वाकलेल्या बायका, पाठीला बांधलेली ओटी. आतेभाऊ स्टेशनवर उभाच होता. आधी खानावळीत शेवभाजी खाल्ली. नाशिकमध्ये ह्या नावाने जे मिळतं त्याच्याबद्दल मी आता काही बोलणार नाही.

संध्याकाळ मोकळी होती म्हणून स्टेशनजवळच्या छायाचित्रकार केकी मूस यांच्या घरी गेलो. आता तिथे त्यांचं कलादालन आहे. मूस १९१२ सालचे, गेले १९८९ मध्ये, आणि मधल्या आयुष्यातली पन्नासएक वर्षं ते ह्या घराबाहेर जवळजवळ पडलेच नाहीत. सांगतात की पंजाब मेलने कुणीतरी येणार होतं. मेल येऊन जाईपर्यंत रोज रात्री जेवणाचं ताट मांडलेलं असे, दार उघडं असे. खरं-खोटं त्या घरालाच ठाऊक. मला जास्त धरून ठेवलं ते त्यांच्या टेबलावरच्या छायाचित्रांनी. घरातल्याच सटरफटर वस्तू टेबलावर मांडून, प्रकाश पाडून त्यांनी बर्फाळ डोंगर आणि वाटा उभ्या केल्या. घराबाहेर न पडता टेबलावर जग मांडणारा माणूस! आमची टोळी दुसरं काय करते?

आणि एक गोष्ट वहीत टिपली. हा माणूस कुठे लपला होता? गजबजलेल्या स्टेशनच्या शेजारी. पत्ता सगळ्या गावाला माहीत.

दुसरा दिवस : पाटणादेवी

चाळीसगावहून अठराएक किलोमीटर. शेवटच्या टप्प्यात वनखात्याची चौकी, पुढे गौताळा-औट्रमघाट अभयारण्य सुरू होतं. डोंगर तिन्ही बाजूंनी असा जवळ येतो की आपण ओंजळीत उतरतोय असं वाटतं. चंडिकादेवीचं देऊळ दगडी, उंच जोत्यावरचं. बाहेर नारळ-फुलांची दोन दुकानं आणि बरीच माकडं.

मी आलो होतो तो शिलालेखासाठी. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये तो अभ्यासकांपुढे आणला. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव हे सिंघण यादवाच्या दरबारी ज्योतिषी. आजोबांचा ‘सिद्धान्तशिरोमणी’ शिकवला जावा म्हणून त्यांनी इथे पाटणला मठ काढला, आणि निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने शके ११२८ मध्ये त्या मठाला उत्पन्न लावून दिलं. म्हणजे आठशे वर्षांपूर्वी ह्या ओंजळीत पोरं ग्रहांची गणितं सोडवत बसलेली. शाळेत आपल्याला भास्कराचार्य शिकवतात, लीलावतीची गोष्ट शिकवतात. पण त्या गणिताच्या मठाचं वाणसामान कुठून यायचं हे दगडावर लिहिलेलं आहे, ते कुणी शिकवत नाही.

लेख बहुतेक संस्कृतात आहे, राजांच्या स्तुतीने भरलेला. ते भराभर वाचून पुढे जावं. शेवटी शेवटी मात्र भाषा एकदम बदलते आणि जुनी मराठी सुरू होते. का, ते उघड आहे. स्तुती संस्कृतात चालते, पण बाजारातल्या माणसाला कर सांगायचा तर त्याच्या बोलीत सांगावा लागतो. “इया पाटणीं जें केणें उघटे...” केणें म्हणजे विकायला उघडलेला माल. त्यावर राजाचा जो कर गिऱ्हाइकाकडून यायचा, तो मठाला दिला. गिऱ्हाइकाकडून पाच पोफळी, म्हणजे सुपाऱ्या. जितके घाणे चालतील तितक्यांमागे पळी-पळी तेल. दगडावरची अक्षरं मला धड लागत नव्हती, छापील वाचन फोनवर उघडून एकेक ओळ जुळवत होतो. आतेभाऊ कंटाळून माकडांकडे बघत बसला होता. पुढे ही ओळ आली:

“एथ जें मविजे तें मढीचेनि मापें मवावें.”

इथे जे काही मोजलं जाईल ते मठाच्या मापाने मोजावं. आणि मोजणावळ, म्हणजे मोजण्याची मजुरी? अर्धी मठाला, अर्धी मापाऱ्याला.

मी आतेभावाला हाक मारली. “अरे, माप मठाचं होतं!”

“मग?”

“मग काय! बाजारात शेर-पायली ज्याच्या हातात, त्याला डोंगरात लपायची गरज काय? सगळा गाव रोज त्याच्यापुढे पोतं घेऊन उभा.”

तो म्हणाला, “दादा, आमच्याकडे अडत्याला कुणी संत म्हणत नाही.” कापूस विकून आलेल्या माणसाशी काट्याबद्दल वाद घालू नये, मी गप्प बसलो.

जेवण देवळासमोर सोबतच्या डब्यातलं. कळण्याची भाकरी, ठेचा, कांदा. मग कण्हेरगडाच्या बाजूला नागार्जुन कोठी पाहायला चढलो. ते जैन लेणं. जवळच सीतेची न्हाणी आणि शृंगार चावडी. एकाच डोंगराला बौद्ध, जैन, शैव, देवीभक्त आणि ज्योतिषी अशा सगळ्यांनी जागा दिली, आणि नावं ठेवायचं काम रामायणाने केलं. माझ्या रचलेल्या देशात मी प्रत्येक डोंगराला एकच पंथ वाटून दिला होता. पहिलीची पोरं नकाशा रंगवतात तसा.

रात्री मापाची गोष्ट आमच्या हिशेबतपासनीस बाईंना कळवली. पाच मिनिटांत उलट प्रश्न: “पल्याडचे खोटं माप वापरतात की खरं?”

झोप उडाली. ज्यांचा सगळा वादच ‘ग्रंथात भेसळ झाली’ हा आहे, त्यांना खोटं माप वापरून कसं चालेल? मग त्या देशात पल्याडच्यांचंच माप तेवढं खरं असणार. पुजाऱ्यांना ते पाखंडी वाटणार, पण पुजाऱ्यांचं धान्यही त्यांच्याच काट्यावर चढणार. पकडून द्यायचं तर बाजार बंद पडतो. रात्री दीडला उठून काळे झगे, भुयारं, मंत्राची शिळा सगळ्यावर काट मारली.

तिसरा दिवस : पितळखोरा

ही लेणी खरं तर खानदेशाची हद्द ओलांडून, कन्नड तालुक्यात. पण पाटणादेवीच्या माथ्यावरच्या डोंगरातच आहेत, आणि चाळीसगावचे लोक त्यांना आपलीच मानतात. जंगलातून चढून जाणारे जातात. आम्ही कन्नडचा घाट मोटरसायकलने चढून वरच्या बाजूने गेलो आणि पायऱ्या उतरलो. घाटात ट्रकमागे अडकून पाऊण तास गेला, त्याबद्दल अधिक लिहिण्यासारखं काही नाही.

इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकापासूनची ही बौद्ध लेणी, हीनयान ह्या आरंभीच्या पंथाच्या काळातली. दरीच्या एका कुशीत चैत्य आणि विहार ओळीने, समोर झाडी, मधून पाण्याचा आवाज. दगड ठिसूळ असल्यामुळे पुष्कळ भाग कोसळलाय. चौथ्या लेण्याच्या जोत्यावर हत्तींची रांग आहे. हत्ती आपल्या खांद्याच्या उंचीवर येतात, म्हणजे इमारत त्यांनी पाठीवर घेतलीय असं वाटतं. शेजारी दारावर भाला-ढाल घेतलेले दोन द्वारपाल. त्यांच्या चेहऱ्यावर धाक नाही, पाहुणा ओळखीचा निघाल्यासारखं किंचित हसू आहे. त्यांच्यामधून आत जाणारा अरुंद जिना. माझ्या मंत्राच्या शिळेपेक्षा हा जिना किती चांगला! एका वेळी एकच माणूस चढणार, वरच्याला खालचा दिसणार. एवढा बंदोबस्त पुरे.

पण मी सगळ्यात जास्त वेळ उभा राहिलो तो नागापाशी. दाराजवळ पाच फण्यांचा नाग कोरलाय आणि फण्यांना भोकं आहेत. मागून खोदलेल्या पन्हळीतलं पाणी त्या फण्यांतून बाहेर पडावं अशी योजना. पावसाळ्यात डोंगर पाझरणार, आत भिक्षू राहणार, मग पाणी काढून द्यायलाच हवं. गटाराचं तोंड होतं, त्याचा नाग केला. अडचणीची शोभा करणारा तो पाथरवट मला कुठल्याही मठाधिपतीपेक्षा जवळचा वाटला.

आतल्या खोल्यांना कमानीसारखी गोल छतं. लाकडी घराची नक्कल दगडात. आतेभाऊ एका खोलीत पाठ टेकून बसला आणि म्हणाला, “गारवा चांगला आहे, पण चार महिन्यांचं सरपण कुठे ठेवायचे?” प्रश्न विचारायचा रोग त्यालाही लागला होता.

आणि इथले दाते. गुप्त वगैरे काही नाही! पैठणच्या एका गंधिकाने, म्हणजे सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याने, खांबाचं दान दिलं आणि तसं कोरून ठेवलं. राजवैद्य मगिलाचं नाव आहे. इथे सापडलेली यक्षाची मूर्ती आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. तिच्या हातावर कान्हदास नावाच्या सोनाराने ती केल्याचं लिहिलंय. डोक्यावर टोपलीसारखं भांडं धरून तो यक्ष असा हसतो की हा ऐवज आपणच आणलाय. दान देणाऱ्याला नाव लागतंच. दोन हजार वर्षांत ही सवय बदललेली नाही. गावच्या देवळातल्या पंख्याच्या पात्यांवरसुद्धा आजोबांचं नाव असतं. म्हणून गुप्त पंथाची खरी अडचण शिपायांची नाही, दात्यांची आहे. ज्याचं नाव कोरता येत नाही तो किती वर्षं देत राहील? मापाची कल्पना इथे आणखी पक्की झाली. मोजणावळ देणाऱ्याला आपण दान देतोय हे कळायचंही कारण नाही.

चौथा दिवस : भडगाव, कनाशी आणि आत्याचं स्वयंपाकघर

भडगाव गिरणेच्या काठी. तिथून जवळच कनाशी हे महानुभावांचं स्थान. सकाळीच गेलो. आवारात पाऊल टाकलं तर एका वृद्ध बाबांनी “दंडवत” म्हटलं आणि लगेच विचारलं, “प्रसाद घेतला का?” मी अजून काहीच विचारलं नव्हतं.

गुप्त लिपीबद्दल महाराष्ट्रात कुणी काही ऐकलं असेल तर ते महानुभावांमुळे. तेराव्या शतकात चक्रधरस्वामींनी मराठीत उपदेश केला, बायकांना आणि शूद्र म्हटल्या जाणाऱ्यांना संन्यास दिला, आणि ह्यासाठी त्यांच्या पंथाला पाखंडी ठरवणारेही निघाले. म्हाइंभटांचं ‘लीळाचरित्र’ मराठी गद्याच्या अगदी आरंभीचं. परंपरा सांगते की त्याची मूळ प्रत धामधुमीत गेली आणि शिष्यांनी आठवणीतून पुन्हा उभी केली. पुढे पोथ्या सकळ, सुंदरी, वज्र, अंक अशा लिप्यांत लिहिल्या जाऊ लागल्या. सकळ लिपी म्हणजे मुळात अक्षरांची अदलाबदल. एका अक्षराच्या जागी ठरलेलं दुसरं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाडे, वि. ल. भावे यांच्या खटपटीतून ती बाहेरच्या वाचकांना वाचता येऊ लागली. म्हणजे मराठीतलं इतकं जुनं गद्य कित्येक शतकं मराठी माणसांच्या गावातच होतं आणि शेजारच्याला वाचता येत नव्हतं.

बाबांना मी विचारलं, लिपी एवढी सोपी, मग इतकी वर्षं टिकली कशी? ते म्हणाले, “पोथी उघडून दाखवली तरच कळेल ना सोपी आहे ते.” मग भिक्षेबद्दल बोलले. एका घरी पोटभर मागायचं नाही. घराघरातून थोडं थोडं. चारशे माणसांच्या अन्नाचं हेही एक उत्तर होतं, गाढवांशिवाय. पण झोळी घेतलेला माणूस सगळ्यांना ओळखू येतो. पल्याडच्यांना ते परवडणारं नाही.

महानुभावांची ‘स्थानपोथी’ मी घरी चाळली होती. स्वामी कुठे राहिले, कुठे बसले, कुठल्या दिशेला कुठलं देऊळ होतं, ह्याची बारीक नोंद. जुन्या मराठीत असं ठिकाणवार वर्णन असताना आपण प्रवासवर्णन हा प्रकार इंग्रजांकडून आला असं का मानतो, कोण जाणे.

दुपारी आत्याकडे. वांगी काट्यांवर भाजून, लाकडी बडगीत ठेचून केलेलं भरीत, कांद्याची पात, पुऱ्या. मी वहीत लिहितोय पाहून आत्या म्हणाली, “काय लिखी ऱ्हायना रे भाऊ?” सांगितलं, खोटा पंथ आहे, लपून राहतो. तिने क्षणभर विचार केला. “मंग त्यासले खावाले कोण देस?”

हिशेबतपासनीस आणि आत्या, दोघींचा पहिला प्रश्न एकच.

मग तिने कानबाई ह्या खानदेशी देवीच्या रोटांचं सांगितलं. लहानपणी मी ते खाल्लेत, पण कधी विचार केला नव्हता. श्रावणात कानबाई बसते, घरातल्या पुरुषांच्या नावाने गहू मोजून दळतात, त्याचे रोट होतात. ते भाऊबंदकीबाहेर जात नाहीत. शेजारी कितीही जिवाभावाचा असो, त्याला पुरणपोळी मिळेल, रोट नाही. उरले तर घरच्यांनीच संपवायचे. “अन् मी?” आत्या हसून म्हणाली. “लगीन झालं, माहेरना रोट मले बंद.” साठीच्या पुढे आहे ती. भांडी आवरता आवरता म्हणाली, पण आवाज जरा खाली गेला होता.

कुणी चोरून खात नाही, दार लावत नाही. अख्ख्या गल्लीला माहीत असतं की आज ह्या घरात रोट आहेत. फक्त कोण खाणार हे ठरलेलं असतं. पल्याडच्यांच्या खुणेसाठी मी हस्तमुद्रा, अंगठ्या, उलटे शब्द असं बरंच काही लिहून ठेवलं होतं. ते सगळं गेलं. आता बाजार उठल्यावर काट्याखाली सांडलेलं धान्य गोळा होतं, त्याची एक भाकरी होते, आणि ती कोण खातं एवढीच खूण. मात्र आत्यासारखं कुणीतरी त्यातही असणार, जे ती भाकरी थापतं आणि खाऊ शकत नाही. तिचं काय करायचं हे अजून सुचलेलं नाही.

पाचवा दिवस : चांगदेव, मेहूण, परतीची गाडी

पहाटे निघून जळगावमार्गे मुक्ताईनगरच्या बाजूला. केळीच्या बागा रस्त्याच्या दोन्ही अंगांनी. चांगदेव गावाशी तापी-पूर्णेचा संगम, आणि हतनूर धरणाच्या फुगवट्यामुळे पाणी पसरट, संथ. कुठली नदी कुठे वाहते ते नजरेला कळतच नाही. माझी उलटी वाहणारी नदी इथे कुणाला खोटी वाटली नसती. चांगदेवाचं देऊळ हेमाडपंती, अंगावर भरपूर कोरीवकाम. आत गारवा, वटवाघळांचा वास.

हे चांगदेव पाटणचे नव्हेत, योगी. चौदाशे वर्षं जगल्याची आख्यायिका असलेले. ज्ञानेश्वरांना मायना काय लिहावा हे न सुचून त्यांनी कोरं पत्र पाठवलं. मुक्ताबाई म्हणाली, इतकी वर्षं जगून कोराच राहिला; आणि उत्तरादाखल ‘चांगदेव पासष्टी’ झाली. पासष्ट ओव्या. पलीकडे मेहूणला मुक्ताबाईचं स्थान. वीज कडाडली आणि ती दिसेनाशी झाली, ते हेच तापीतीर.

अर्थातच मला वाटलं, पल्याडच्यांच्या ग्रंथाचा शेवटचा अध्याय कोरा ठेवावा! घाटावर बसून तासभर ह्या कल्पनेवर खूश होतो. मग लक्षात आलं की आत्या आणि हिशेबतपासनीस, दोघीही विचारतील, कोऱ्या पानाला पोथीची किंमत का द्यायची? फार देखणी होती कल्पना. तिथेच पाण्यावर सोडून दिली.

भुसावळला गाडी मिळाली. आत्याने दिलेल्या बिबड्यांचं, म्हणजे ज्वारीच्या पापडांचं, पुडकं मांडीवर, वही त्यावर. पल्याडच्यांचा पहिला दस्तऐवज लिहायला घेतला. धर्ममतं नाहीत, शाप नाहीत. घाण्यामागे किती पळ्या तेल, पोत्यामागे किती ओंजळी, मोजणावळ कोणाला किती. पाचोरा येईपर्यंत दीड पान झालं. फोटो काढून टोळीला पाठवला.

चाळीसगाव गेल्यावर हिशेबतपासनीस बाईंचं उत्तर आलं: “बरं आहे. गाढवांचा प्रश्न मिटला. पण ह्यांचं माप खरं आहे हे कोण तपासतं?”

मनमाडला उतरून चहा घेतला. गाडी सुटेपर्यंत तरी उत्तर सापडलं नाही.